पितळेत ओतलेली बखर

श्रोतेहो, आपल्याकडे जुन्या राजवटींची माहिती हवी असली म्हणजे अभ्यासक ताम्रपट शोधू लागतात. कदंबांनी, शिलाहारांनी, यादवांनी गावे इनाम देताना दानाचा मजकूर तांब्याच्या पत्र्यावर कोरविला, आणि भूर्जपत्रे व कागद जेथे कुजून गेले तेथे तो धातू टिकून राहिला. धातूच्या हवाली केलेली आठवण राजाच्या मागे शतकानुशतके बोलत राहते, हा अनुभव आपल्या इतिहासास नवा नाही. आज ज्या राज्याविषयी मी बोलणार आहे, तेथील लोकांनी अक्षरलेखन अंगीकारलेले नव्हते. त्यांनीही आपली आठवण धातूच्याच स्वाधीन केली. मात्र अक्षरे न कोरता राजा, सरदार, लढाई, उत्सव आणि समुद्रापलीकडून आलेले व्यापारी हे सारे त्यांनी प्रत्यक्ष आकार देऊन पितळेत ओतले. हे राज्य म्हणजे पश्चिम आफ्रिकेतील बेनीन.

नावाचा घोटाळा आरंभीच दूर केलेला बरा. आजच्या नकाशावर बेनीन या नावाचा जो देश दिसतो तो हा नव्हे. त्या देशाचे पूर्वीचे नाव दाहोमी. बेनीन हे नाव त्याने १९७५ मध्ये घेतले. आपल्या विषयाचे बेनीन त्याच्या पूर्वेस, आजच्या नायजेरियाच्या दक्षिण भागातील अरण्यप्रदेशात वसलेले आहे. तेथील लोक एदो, भाषा एदो, आणि राजाची पदवी ‘ओबा’. बेनीन सिटी ही त्यांची राजधानी आजही नांदती आहे आणि ओबाचे घराणेही आजमितीस गादीवर आहे.

आम्ही शिक्षक मंडळी मुलांना आफ्रिका शिकवितो ती बहुधा नद्या, वाळवंटे आणि खनिजे यांच्या रूपाने. इतिहासाच्या पुस्तकांत हे खंड प्रवेश करते ते लिव्हिंग्स्टन व स्टॅन्ली यांच्या पावलांबरोबर. जणू त्यापूर्वी तेथे काही घडलेच नाही, आणि घडले असले तरी ते नोंदवून ठेवणारा कोणी नव्हता! बेनीनची कथा ही समजूत मुळापासून खोडून काढते. नोंद ठेवणारे तेथे होते, नोंदीही उत्तम होत्या. पुढे त्या नोंदींचे काय झाले, हाच आजच्या भाषणाचा विषय आहे.

एदो परंपरेप्रमाणे ओबांचे घराणे इफे या पवित्र नगरीतून आलेल्या राजपुत्रापासून सुरू झाले. पंधराव्या शतकाच्या मध्यास एवुआरे नावाचा ओबा गादीवर आला आणि बेनीनच्या वैभवाचा काळ सुरू झाला. त्याने दोनशे एक गावे जिंकली, असे परंपरा सांगते. राजधानीभोवतीचा मोठा खंदक व मातीचा तट त्यानेच घातला असे मानतात. या तटाचा घेर सुमारे साडेअकरा किलोमीटर असून खंदकाच्या तळापासून तटाच्या माथ्यापर्यंतची उंची काही ठिकाणी १७ मीटरांवर जात होती. ज्यांच्यापाशी केवळ फावडी, टोपल्या आणि माणसांचे हात होते त्यांनी हे काम उभे केले, हे ध्यानात घेतले म्हणजे त्या राज्याच्या संघटनेची कल्पना येते.

या राजधानीत प्रत्येक हुन्नराची वेगळी आळी होती. ओताऱ्यांची आळी ती इगुन. ओताऱ्यांचा मूळपुरुष इग्वेघा याच्याविषयी अशी कथा सांगतात की, ओबा ओगुओला याने इफेच्या राजाकडे एक कुशल ओतारी मागितला आणि त्याप्रमाणे इग्वेघा बेनीनला आला. त्याच्या वंशजांनी व शिष्यांनी पुढे हा धंदा पिढ्यान्‌पिढ्या चालविला. पितळेचे ओतकाम करावयाचे ते राजासाठी आणि राजाच्या आज्ञेने, असा दंडक होता. म्हणून या कलेस निव्वळ शोभेची कला म्हणता येत नाही. ती दरबाराची एक शाखाच होती. आपल्याकडे चिटणीस व फडनीस यांची दफ्तरे जे काम करीत, त्यातील बराचसा भाग तेथे ओतारी करीत.

ओतकामाची त्यांची रीत अशी. प्रथम मातीचा गाभा करावयाचा. तो वाळला म्हणजे त्यावर मेणाचा थर चढवावयाचा आणि त्या मेणात डोळे, ओठ, पोवळ्यांच्या माळा, वस्त्रावरील वेलबुट्टी हे सर्व काळजीपूर्वक घडवावयाचे. त्यावर आधी अगदी मऊ मातीचा व नंतर जाड मातीचा लेप देऊन एक वाट मोकळी ठेवावयाची. हा गोळा तापविला म्हणजे मेण वितळून वाहून जाते आणि त्याच्या जागी हुबेहूब पोकळी राहते. तीत धातूचा रस ओतून तो निवल्यावर माती फोडावयाची. साचा फोडावाच लागत असल्याने एका साच्यातून एकच वस्तू निघते. दुसरी हवी असल्यास पुन्हा मेणापासून आरंभ. आपल्याकडे ही रीत ‘मधूच्छिष्ट’, म्हणजे मेणाच्या, विधीची म्हणून प्रसिद्ध आहे. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या ‘मानसोल्लास’ या बाराव्या शतकातील ग्रंथात मूर्ती ओतण्यासाठी तिचे वर्णन केलेले आहे. मेण, माती आणि अग्नी यांचे गुण ओळखणारे कारागीर जगात अनेक ठिकाणी झाले; बेनीनचे ओतारी त्यांच्या पहिल्या पंक्तीत बसतात. युरोपात या वस्तूंस कांस्य म्हणण्याची चाल पडली आहे; वस्तुतः त्यांतील बहुतेकांचा धातू तांबे व जस्त यांच्या मिश्रणाचे पितळ असून त्यात कमीअधिक शिसे आहे.

या कलेतील दोन प्रकारांचा विचार येथे करू. पहिला प्रकार मस्तकांचा. ओबा निवर्तला म्हणजे त्याच्या वारसाचे पहिले कर्तव्य पित्यासाठी राजवाड्यात वेदी उभारणे हे असे. त्या वेदीवर पितळेचे ओतीव मस्तक ठेवीत आणि मस्तकाच्या माथ्यावरील छिद्रात हत्तीचा कोरीव सुळा उभा करीत. सुळ्यावर त्या राजाशी व राजघराण्याशी निगडित अशा आकृतींच्या रांगा खालपासून वरपर्यंत कोरलेल्या असत. आरंभीच्या काळातील मानली जाणारी मस्तके पातळ व नाजूक आहेत. नंतरची जाड, जड, आणि गळ्याभोवतीच्या पोवळ्यांच्या माळा हनुवटीपर्यंत, पुढे तर ओठांपर्यंत चढलेल्या. धातू मुबलक मिळू लागला तसतसा ओताऱ्याचा हात सैल सुटला, असा याचा अर्थ लावतात.

दुसरा प्रकार फलकांचा. पितळेचे हे चौकोनी फलक मुख्यतः सोळाव्या व सतराव्या शतकांतील असून असे सुमारे ९०० फलक आज ज्ञात आहेत. राजवाड्यातील लाकडी खांबांवर ते ठोकलेले असत. ओल्फर्ट डॅपर नावाच्या डच लेखकाने १६६८ मध्ये आफ्रिकेचे वर्णन करणारा मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला. तो स्वतः तेथे कधी गेला नव्हता. प्रवाशांच्या वृत्तांतांवरून त्याने लिहिले. बेनीनच्या राजवाड्यातील लांबलचक दालनांचे खांब वरपासून खालपर्यंत धातूने मढविलेले असून त्यांवर युद्धप्रसंग व पराक्रम कोरलेले आहेत, असे त्याने नमूद करून ठेविले आहे.

या फलकांवर मध्यभागी ओबा अथवा मोठा सरदार उभा असतो. त्याच्या दोहो बाजूंस ढाल धरणारे, शिंग फुंकणारे, तलवार वाहणारे सेवक. ज्याचा मान मोठा त्याची आकृती मोठी, लहान माणसाची लहान. दूरचा व जवळचा हा भेद त्या ओताऱ्यास महत्त्वाचा वाटत नाही, अधिकाराचा भेद वाटतो. कोणी कोणते शिरस्त्राण घालावे, किती माळा ल्याव्यात, कोणाच्या गळ्यात बिबळ्याच्या दातांचा हार असावा, हे सर्व त्यात नेमके दाखविलेले आहे. पुढे हे फलक खांबांवरून उतरवून राजवाड्यातच साठवून ठेवण्यात आले. परंतु दरबारी रिवाजाविषयी वाद उत्पन्न झाला म्हणजे ते काढून पाहत व निर्णय करीत, असे सांगितले जाते. याहून दफ्तर ते आणखी वेगळे काय असते? एदो भाषेत ‘स्मरण करणे’ या अर्थाचा एक शब्दप्रयोग असा आहे की त्याचा शब्दशः अर्थ ‘पितळेत आकृती ओतणे’ असा होतो, असे त्या भाषेचे अभ्यासक सांगतात. आठवणे आणि ओतणे या दोन क्रियांना ज्या भाषेने एकच शब्द दिला, त्या लोकांची कला समजावयास याहून चांगली किल्ली मिळणे कठीण.

बखर म्हटली म्हणजे तीत परकीयांचेही वर्णन आलेच. बेनीनच्या बखरीत ते पोर्तुगीजांचे आहे, आणि येथे आपल्या पश्चिम किनाऱ्याशी तिचा खरा संबंध जुळतो. जुआंव आफोंसो द आव्हेइरो हा पोर्तुगीज १४८६ च्या सुमारास बेनीनला पोहोचला. त्यानंतर बारा वर्षांनी, १४९८ मध्ये, वास्को द गामा कालिकतला आला, आणि १५१० मध्ये गोवा आल्बुकेर्कच्या हाती गेले. जहाजे त्याच राजाची आणि लोभ त्याच मालाचा. बेनीनच्या रानात एक तऱ्हेचे मिरे होते व पोर्तुगीजांनी काही वर्षे त्याचा व्यापार केला. परंतु भारतातील मिरे हाती येताच त्याचा भाव उतरू नये म्हणून पोर्तुगीज राजसत्तेने बेनीनच्या मिऱ्याचा व्यापार आवळून टाकला. मलबारच्या मिऱ्याने बेनीनचे मिरे बाजारातून उठविले, असे म्हणावयास हरकत नाही. त्याचबरोबर मालदीव बेटांच्या कवड्या हिंदी महासागरातून निघून पोर्तुगीज जहाजांतून बेनीनच्या बाजारात चलन म्हणून पोहोचू लागल्या.

पोर्तुगीजांशी प्रत्यक्ष व्यवहार केलेला मोठा राजा एसिगिए. त्याच्या कारकिर्दीतील एका प्रसंगाचे तीन प्रकारचे पुरावे उपलब्ध आहेत. पहिला पुरावा कागदाचा. दुआर्ते पिरेश नावाच्या पोर्तुगीजाने ऑक्टोबर १५१६ मध्ये बेनीनहून पोर्तुगालच्या राजास पत्र लिहिले. ओबा युद्धावर गेला, पोर्तुगीज व पाद्री त्याच्या समवेत होते, परतल्यावर त्याने आपल्या मुलास व काही सरदारपुत्रांस ख्रिस्ती होण्याची आज्ञा दिली, चर्च बांधण्यास सांगितले आणि ती मुले वाचावयास शिकत आहेत, असा मजकूर त्यात आहे. दुसरा पुरावा तोंडी परंपरेचा. उत्तरेकडील इदाहच्या राजाशी एसिगिएचे युद्ध झाले आणि त्यात त्याची माता इदिया हिने त्यास साहाय्य केले; म्हणून ‘इयोबा’, म्हणजे राजमाता, ही पदवी त्याने तिच्यासाठी निर्माण केली. युद्धास निघताना एक पक्षी पराभवाचा अपशकुन करणारा शब्द ओरडला. एसिगिएने त्यास मारविले आणि जय मिळवून परत आला. तिसरा पुरावा पितळेचा. तो पक्षी पितळेत ओतण्यात आला, आणि उत्सवाच्या मिरवणुकीत सरदार त्या पितळी पक्ष्याच्या चोचीवर टोले देत चालत. अपशकुनाने जो भिऊन बसतो त्याच्या हाती काही लागत नाही, हा धडा दरवर्षी कानांवर पडावा अशी ती योजना. कागद, कथा आणि पितळ यांनी एकाच काळाविषयी अशी साक्ष द्यावी, हे भाग्य मोठमोठ्या राज्यांच्या वाट्यासही क्वचितच येते.

इदियाचे हस्तिदंती मुखवटे तर आता जगप्रसिद्ध झाले आहेत. त्यांतील एक लंडनच्या ब्रिटिश म्यूझियममध्ये व दुसरा न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात आहे. न्यूयॉर्कच्या मुखवट्यावरील शिरोभूषणात दाढीवाल्या पोर्तुगीजांची चिमुकली मस्तके आणि चिखलात राहणारा मासा यांची एकाआड एक रांग आहे. तो मासा पाण्यातही राहतो व जमिनीवरही तग धरतो, म्हणून तो देव व मानव या दोन्ही पदांवर असलेल्या ओबाचे चिन्ह. पोर्तुगीज समुद्रावरून आले, आणि समुद्र हे संपत्तीचा दाता जो ओलोकुन देव त्याचे राज्य. म्हणून पोर्तुगीज हे संपत्तीचे चिन्ह. गोव्यात जुन्या गोव्याच्या पुराणवस्तुसंग्रहालयात व्हाइसरॉयांच्या पूर्णाकृती तसबिरींची रांग आहे. ती परंपरा जुआंव द कास्त्रो याने १५४७ मध्ये सुरू केली. तेथे पोर्तुगीज अधिकारी चौकटीच्या मध्यभागी उभा आहे, कारण चित्र काढविणारा तोच. बेनीनमध्ये तोच पोर्तुगीज पुष्कळदा फलकाच्या कोपऱ्यात डोकावतो किंवा राजमातेच्या मुकुटातील नक्षी होऊन बसतो. आपली गोष्ट आपण सांगितली म्हणजे परका कोठे उभा राहतो आणि त्याने सांगितली म्हणजे कोठे, हे या दोन ठिकाणांच्या तुलनेवरून स्वच्छ दिसते.

पण श्रोतेहो, या पितळेची काळी बाजूही सांगावयास हवी. बखरीतील गैरसोयीचे पान उलटून टाकणे हे इतिहास शिकविणाऱ्यास शोभत नाही. एवढे पितळ आले कोठून? पोर्तुगीज व्यापारी घोड्याच्या नालासारखी पितळेची कडी चलन म्हणून आणीत. त्यांना ‘मानिल्या’ म्हणत. २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका शास्त्रीय अभ्यासात बुडालेल्या जहाजांतून मिळालेल्या मानिल्यांतील शिशाची तपासणी करण्यात आली. तिचा बेनीनच्या वस्तूंतील धातूशी मेळ बसला आणि त्या धातूचा उगम जर्मनीतील ऱ्हाईन नदीच्या प्रदेशात असल्याचे दिसून आले. या मानिल्या देऊन पोर्तुगीजांनी मिरे व हस्तिदंत घेतले, तशी माणसेही घेतली. बेनीनने पुढे दीर्घकाळ पुरुष गुलामांच्या निर्यातीवर निर्बंध घातला हे खरे. तथापि या सुंदर फलकांत वितळलेल्या धातूपैकी काही धातू म्हणजे विकल्या गेलेल्या माणसांचे मोल होय, ही गोष्ट नाकारता येत नाही. दरबारच्या काही विधींत नरबळीही दिले जात. ज्या लोकांचा इतिहास आपण आदराने वाचतो त्यांचे दोष झाकणे हा आदर नव्हे.

आता शेवटच्या अध्यायाकडे वळू. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस नायजर नदीच्या मुखाकडील मुलूख इंग्रजांच्या अमलाखाली जात होता. १८९२ मध्ये ओबा ओव्होनरामवेन याच्याशी त्यांनी करार केला. परंतु व्यापारावरील आपले नियंत्रण सोडण्यास ओबा तयार नव्हता. नोव्हेंबर १८९६ मध्ये जेम्स फिलिप्स या हंगामी अधिकाऱ्याने लंडनला पत्र लिहून ओबास पदच्युत करण्याची परवानगी मागितली. मोहिमेचा खर्च राजवाड्यात सापडणाऱ्या हस्तिदंतातून भरून निघेल, असेही त्यात होते. उत्तराची वाट न पाहता तो निघाला. राजधानीत पूर्वजांचा वार्षिक उत्सव चालू आहे, या काळात ओबा परकीयांस भेटत नाही, असा निरोप आला असताही तो थांबला नाही. ४ जानेवारी १८९७ रोजी वाटेत त्याच्या तुकडीवर छापा पडला. फिलिप्स व त्याचे बहुतेक गोरे सोबती ठार झाले, दोघेच जिवंत परतले. बरोबरच्या आफ्रिकी हमालांपैकीही पुष्कळ जण प्राणास मुकले.

इंग्रजांचे प्रत्युत्तर सहा आठवड्यांत आले. ॲडमिरल रॉसन याच्या हाताखाली सुमारे १,२०० लोकांच्या फौजेने १८ फेब्रुवारी १८९७ रोजी बेनीन सिटी घेतली. तीन दिवसांनी शहरात मोठी आग लागली आणि राजवाड्याचा व शहराचा मोठा भाग भस्मसात झाला. ओव्होनरामवेन काही महिने रानात राहून ऑगस्टमध्ये शरण आला. त्यास कालाबार येथे हद्दपार करण्यात आले आणि तेथेच १९१४ मध्ये तो वारला. वेदींवरील मस्तके, कोरीव सुळे, साठवून ठेवलेले शेकडो फलक ही सर्व लूट किनाऱ्यावर नेण्यात आली. काही वस्तू सरकारने खर्चाच्या भरपाईसाठी विकल्या, काही अधिकाऱ्यांनी आपापसांत वाटून घेतल्या. त्याच वर्षीच्या शरद ऋतूत ब्रिटिश म्यूझियममध्ये सुमारे ३०० फलकांचे प्रदर्शन मांडले गेले. त्यांपैकी सुमारे २०० तेथेच राहिले. बाकीचे बाजारात गेले. बर्लिनच्या संग्रहालयाने खरेदी जोरात केली व तेथेही मोठा संग्रह झाला.

वस्तू पाहून युरोपातील विद्वान चकित झाले, आणि आश्चर्यापाठोपाठ त्यांच्यापुढे एक अडचण उभी राहिली. रानटी म्हणून ज्यांचे शहर जाळले त्यांनी हे केले असेल तर त्यांना रानटी कसे म्हणावे? लंडनच्या अभ्यासकांनी आरंभी असा तर्क लढविला की हे तंत्र पोर्तुगीजांनी शिकविले असावे. बर्लिनचा फेलिक्स फॉन लुशान याने मात्र निराळे मत दिले. इटलीचा थोर ओतकाम करणारा चेल्लिनी यालाही याहून चांगले ओतता आले नसते, असा त्याचा अभिप्राय होता; आणि ही कला आफ्रिकेचीच, असे त्याने ठासून सांगितले. तरी लोकांच्या मनातील शंका लवकर जाईना. १९१० मध्ये लिओ फ्रोबेनिउस हा जर्मन प्रवासी इफेला गेला. तेथील मस्तकांचे सौंदर्य पाहून त्याने ती ग्रीकांच्या एखाद्या हरवलेल्या वसाहतीची, दंतकथेतील अटलांटिसची, असावीत असे अनुमान केले. ते स्थानिक लोकांच्या हातची असतील हे मान्य करण्यापेक्षा समुद्रात बुडालेल्या खंडावर विश्वास ठेवणे त्यास सोपे वाटले!

उत्तर पुस्तकातून आले नाही, जमिनीतून आले. १९३८ मध्ये इफे येथे घराचा पाया खणताना डझनाहून अधिक धातूची मस्तके निघाली. ती बाराव्या ते पंधराव्या शतकांच्या दरम्यानची ठरली. त्याच सुमारास दक्षिण नायजेरियातील इग्बो-उकवू या गावी एका घराच्या आवारात खणताना अतिशय नाजूक ओतकामाची भांडी व अलंकार मिळाले. तेथे १९५९-६० मध्ये थर्स्टन शॉ याने पद्धतशीर उत्खनन केले. काच व दगड यांचे दीड लाखांहून अधिक मणी तेथे सापडले, आणि ते सारे अवशेष नवव्या-दहाव्या शतकांच्या आसपासचे ठरले. म्हणजे पहिले पोर्तुगीज गलबत त्या किनाऱ्यास लागण्यापूर्वी सुमारे पाचशे वर्षे त्या प्रदेशात मेणाच्या साच्याने धातू ओतणारे हात होते. पोर्तुगीजांनी धातू पुरविला हे खरे; विद्या मात्र त्यांनी दिलेली नव्हे.

श्रेय परत मिळाले. परंतु एक नुकसान असे झाले की ते कोणत्याही शोधाने पुरते भरून येणार नाही. आपल्या बखरींची कल्पना करा. एखाद्या वाड्यातील दफ्तर कोणी लुटले, पाने सुटी केली, अनुक्रम मोडला, आणि अक्षर सुंदर आहे म्हणून एकेक पान निरनिराळ्या देशांत चौकटीत बसवून भिंतीवर टांगले, तर ते पान जपले गेले असे म्हणता येईल. बखर जपली गेली असे म्हणता येईल काय? कोणते मस्तक कोणत्या ओबाच्या वेदीवर होते, कोणत्या सुळ्याची जोडी कोणत्या मस्तकाशी होती, कोणते फलक एकाशेजारी एक साठविलेले होते, याची नीट नोंद लुटणाऱ्यांनी ठेवली नाही. प्रत्येक वस्तूचे सौंदर्य शाबूत राहिले आणि तिचे वाक्य तुटले. नोव्हेंबर २०२२ मध्ये या विखुरलेल्या वस्तूंची एक सूची जगापुढे ठेवण्यात आली. तीत २० देशांतील १३१ संस्थांकडे असलेल्या ५,००० हून अधिक वस्तूंची नोंद झाली. एक बखर २० देशांत वाटली गेली आहे!

तथापि इगुनच्या भट्ट्या विझल्या नाहीत. १९१४ मध्ये ओव्होनरामवेनचा पुत्र दुसरा एवेका या नावाने गादीवर आला. तो स्वतः कोरीव काम व ओतकाम जाणणारा होता. त्याने राजवाडा पुन्हा बांधला, वेदी पुन्हा उभारल्या, ओताऱ्यांस पुन्हा कामाला लावले. इगुनच्या आळीत आजही ओतकाम चालते. १९५७ मध्ये लागोस येथे संग्रहालय उघडले. त्यासाठी स्वतःच्याच देशातून गेलेल्या काही वस्तू परदेशी बाजारातून पैसे मोजून परत घ्याव्या लागल्या. १९७७ मध्ये लागोसला आफ्रिकी कलांचा महोत्सव भरला व इदियाचा मुखवटा हे त्याचे चिन्ह ठरले. नायजेरियाने तो मूळ मुखवटा ब्रिटिश म्यूझियमकडे तात्पुरता मागितला, तोही मिळाला नाही; मग बेनीनच्या कारागिरांनी त्याची प्रतिकृती घडविली.

त्यानंतर वारा हळूहळू फिरला. ऑक्टोबर २०२१ मध्ये केंब्रिजच्या एका कॉलेजने पितळी कोंबडा आणि स्कॉटलंडमधील ॲबर्डीन विद्यापीठाने एका ओबाचे मस्तक परत केले. डिसेंबर २०२२ मध्ये जर्मनीच्या परराष्ट्रमंत्री २० वस्तू घेऊन स्वतः नायजेरियात गेल्या. त्याच वर्षी लंडनच्या हॉर्निमन संग्रहालयाने ७२ वस्तूंची मालकी नायजेरियास दिली, आणि जून २०२५ मध्ये नेदरलंड्सने ११९ वस्तू परत केल्या. ९०० हून अधिक वस्तू बाळगणारे ब्रिटिश म्यूझियम मात्र १९६३ च्या कायद्याकडे बोट दाखवीत आले आहे. संग्रहातील वस्तू कायमची देऊन टाकण्यास तो कायदा अडथळा करतो. परत आलेल्या वस्तू कोणाच्या, राष्ट्राच्या की ओबाच्या, यावर नायजेरियातच वाद झाला. मार्च २०२३ मध्ये तेथील अध्यक्षांनी त्यांची मालकी ओबाकडे असल्याचे जाहीर केले. गुलाम म्हणून नेल्या गेलेल्यांच्या वंशजांपैकी काहींनी, त्या पितळेत आमच्या पूर्वजांची किंमत आहे, तेव्हा आमचाही त्यावर हक्क आहे, असे म्हटले. असे वाद होणे हे वाईट लक्षण मानण्याचे कारण नाही. ज्या दफ्तराविषयी वारस भांडतात ते दफ्तर जिवंत असते.

परत पाठविण्याविरुद्ध एक मुद्दा नेहमी मांडला जातो की, लंडन-बर्लिनमध्ये या वस्तू सुरक्षित राहिल्या व जगाने पाहिल्या. त्यात थोडे तथ्य आहे. परंतु १८९७ पर्यंत त्या बेनीनमध्येही तीन-तीनशे, चार-चारशे वर्षे सुरक्षित राहिल्याच होत्या. त्यांना आग लागली ती त्यांना नेण्यास आलेल्यांच्या मोहिमेत. आणि जगाने पाहिल्या म्हणावे तर ज्या मुलांच्या पूर्वजांची ती आठवण, त्या एदो मुलांच्या चार पिढ्यांना त्या पाहावयास मिळाल्या नाहीत. स्वतःचा इतिहास पाहावयास परदेशाची वाट धरावी लागणे म्हणजे काय, हे ज्यांचे ताम्रपट व हस्तलिखिते परदेशी संग्रहांत पडून आहेत अशा आपल्यासारख्यांस वेगळे समजावून सांगावयास नको.

म्हणून श्रोतेहो, पुढे कधी एखाद्या पुस्तकात वा संग्रहालयात बेनीनचा पितळी फलक आपल्या दृष्टीस पडला, तर केवळ ‘किती सुंदर’ म्हणून पुढे जाऊ नये. मध्यभागी कोण उभा आहे, त्याच्या गळ्यात माळा किती, त्याची ढाल कोणी धरली आहे, कोपऱ्यात दाढीवाला परका आहे काय, हे सावकाश पाहावे. अक्षराविना लिहिलेले ते एक वाक्य आहे. त्याच्या मागचे व पुढचे वाक्य कदाचित आज दुसऱ्याच देशात असेल. पण ते लिहिणाराने वाचणाऱ्यासाठीच लिहिले होते.